प्लस भरतोय, लायब्ररी भरतेय, पण लावायचं काय?

दहानंतर_मोकळा | २ सप्टेंबर २०२५, रात्री ११:३८

आज गौरी गेल्या, पाहुणे गेले, शेवटचं पातेलं घासून झालं आणि आठवड्याने पीएस फाइव्ह (सोनीचा गेम कन्सोल) सुरू केला. प्लसचे, म्हणजे त्याच्या गेम-वर्गणीचे, सप्टेंबरचे तीन गेम आलेत: सायकोनॉट्स २, स्टारड्यू व्हॅली, व्ह्यूफाइंडर. तिन्ही लायब्ररीत टाकले, म्हणजे माझ्या खात्यावर नोंदवले. त्यानंतर पाऊण तास काय केलं, तर लायब्ररी वरखाली केली. एकाचा ट्रेलर पाहिला, दुसऱ्याचे रिव्ह्यू वाचले, तिसरा डाउनलोडला लावून मध्येच थांबवला. खेळलो शून्य मिनिटं. आता डोळे मिटतायत आणि इथे लिहितोय.

परिस्थिती अशी. प्लसच्या एक्स्ट्रा या वरच्या प्रकाराची वर्षाची वर्गणी आहे, डिसेंबरात संपते. रोज रात्री दहानंतर तासभर मिळतो, तोही भरवशाचा नाही. टीव्ही एकच, हॉलमध्ये. मुलगी नऊ वर्षांची, तिच्याबरोबर शनिवारी बसतो. बायकोला गेममध्ये रस नाही (असं तीच म्हणते). मोठे ओपन वर्ल्ड (अख्ख्या जगात मोकळं हिंडायचे) गेम आता झेपत नाहीत. चार दिवस खंड पडला की कुठलं बटण कशाला तेच आठवत नाही, मग घोड्यावर बसायचं तर गावकऱ्यालाच तलवार मारतो.

लायब्ररीत आजवर साठलेले गेम एकशे चाळीस. पूर्ण केलेले सहा. तिघांपैकी आधी कुठला लावू?

रात्रपाळी | २ सप्टेंबर, रात्री ११:५१

व्ह्यूफाइंडर. चार-पाच तासांत संपतो. संपवा आणि झोपा.

चकली_भाजणी | ३ सप्टेंबर, सकाळी ९:१०

व्ह्यूफाइंडरला माझंही मत, पण एक इशारा. आमच्या घरी ह्यांना अर्ध्या तासात गरगरलं. पात्राच्याच डोळ्यांतून बघत चालायचं आणि त्यात जग तिरकं होतं. एसटीच्या घाटात ज्यांना लिंबू लागतं त्यांनी जपून.

बाकी कल्पना इतकी सुंदर आहे की मी पहिल्या दिवशी दोनदा "अगंबाई" म्हटलं. हातात एक फोटो असतो. तो डोळ्यांसमोर धरायचा, बटण दाबायचं, की फोटोतली जागा समोर खरीच उभी राहते. मध्ये दरी असेल तर पुलाचा फोटो धरायचा आणि त्यावरून चालत जायचं. फोटो आडवा फिरवून लावला तर त्यातल्या वस्तू घरंगळत बाहेर येतात. पुढे कॅमेराच मिळतो. मग पुढच्या ठिकाणी जायचं यंत्र चालवायला बॅटऱ्या कमी पडत असतील तर आहे त्या बॅटरीचा फोटो काढायचा, लावायचा, झाल्या दोन! चुकलं तर एका बटणावर सगळं मागे जातं, त्यामुळे चिडचिड नाही. एक बोलणारं मांजरही आहे. त्याला कुरवाळता येतं.

ट्रॉफीवाला | ३ सप्टेंबर, दुपारी १:२२

तीन नावं शेजारी ठेवून असा प्रश्न पडावा हेच नवल. सायकोनॉट्स २, विषय संपला. पहिला भाग २००५ चा, हा २०२१ चा. सोळा वर्षांनी आलेला दुसरा भाग पहिल्यापेक्षा सरस निघाल्याची उदाहरणं एका हाताच्या बोटांवर मोजावीत. लोकांच्या डोक्यात शिरून त्यांच्या मनातल्या गाठी सोडवायच्या, आणि प्रत्येक मनाचं जग वेगळं. बारा-पंधरा तासांत मुख्य गोष्ट होते.

आणि काका, सहा पूर्ण हा आकडा लाजिरवाणा आहे. आधी नियम करा: सुरू केलेला संपवल्याशिवाय दुसरा लावायचा नाही.

चकली_भाजणी | ३ सप्टेंबर, दुपारी १:४०

संपवलाच पाहिजे असा काही कायदा आहे का? मी न आवडलेलं पुस्तक चाळीसाव्या पानावर ठेवून देते. अजून तरी कुणी वॉरंट आणलेलं नाही.

जुना_सभासद | ३ सप्टेंबर, संध्याकाळी ६:०५

मी साठी ओलांडलेला माणूस. मुलगा परदेशी जाताना कन्सोल इथेच ठेवून गेला, तेव्हापासून खेळतो. त्यामुळे या विषयावर थोडं वेगळ्या बाजूने बोलतो.

आमच्या वाचनालयात दोन प्रकार होते. एक नेहमीची वर्गणी: एक पुस्तक, एक मासिक. दुसरी दिवाळी अंक योजना: एकदाच पैसे भरायचे आणि मुदत संपेपर्यंत पाळीपाळीने अंक न्यायचे. योजनेतला जाणता वाचक कधीही "सर्वांत चांगला अंक कुठला" असं विचारत नसे. तो विचारायचा, "आज टेबलावर काय आहे, आणि उद्या काय नसेल?" कारण जो अंक चांगला, तो एकदा दुसऱ्याच्या घरी गेला की गेलाच.

प्लसचंही तसंच आहे आणि तुमच्या प्रश्नात हे दोन प्रकार मिसळलेत. महिन्याचे जे दोन-तीन गेम येतात ते तुम्ही मुदतीत लायब्ररीत टाकले की वर्गणी चालू असेपर्यंत तुमचेच. डिसेंबरात एक्स्ट्रा सोडून इसेन्शियल या साध्या वर्गणीवर आलात तरी ते राहतात. वर्गणी अजिबात बंद केली तर त्यांना कुलूप लागतं, पुन्हा भरली की उघडतं. एक्स्ट्राचा कॅटलॉग, म्हणजे त्या वर्गणीत खेळायला मिळणारी गेमची मोठी यादी, मात्र दिवाळी अंकांसारखा आहे. दर महिन्याच्या तिसऱ्या मंगळवारच्या सुमारास काही गेम येतात, काही जातात. गेलेला गेम तुमच्या डिस्कवर उतरवलेला असला तरी चालत नाही. सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याची नोंद, तेवढी राहते. पुढे विकत घेतला तर तिथून सुरू करता येतो.

म्हणजे तुमच्या तिन्ही गेमना कसलीही घाई नाही. घाई आहे ती कॅटलॉगमधल्या जाणाऱ्यांची. स्टोअरच्या प्लस विभागात "लास्ट चान्स टू प्ले" असा कोपरा आहे, आधी तिथे डोकावा.

दहानंतर_मोकळा | ३ सप्टेंबर, रात्री १०:२०

काका, दंडवत.

डोकावलो. जानेवारीत अर्ध्यात सोडलेला माझा एक गेम त्या कोपऱ्यात बसलाय, १६ तारखेला जातोय. मला वाटत होतं आपल्याकडे आहे म्हणजे आहे. तेरा रात्री आहेत हातात. बघतो.

गावाकडे_रेंज_नाही | ४ सप्टेंबर, सकाळी ८:३३

महिन्याच्या गेमना घाई नाही हे टाकल्यावर. टाकायची घाई असतेच! माझं ऐका. ऑगस्टमध्ये लाईज ऑफ पी होता, जो मी वर्षभर विशलिस्टमध्ये धरून बसलो होतो. मुदत १ सप्टेंबरपर्यंत. मी म्हटलं गणपतीहून आल्यावर टाकू. गाव कोकणात, वाडीवर एक काडी रेंज, ती पण आंब्याखाली उभं राहिलं तर. २ तारखेला संध्याकाळी मुंबईत उतरलो तर गेम गेलेला.

त्यासाठी कन्सोल चालू करायचीही गरज नव्हती, फोनवरच्या ॲपमधून दहा सेकंदांचं काम. आंब्याखाली उभं राहूनसुद्धा झालं असतं.

रात्रपाळी | ४ सप्टेंबर, सकाळी ८:५९

भावा, जखम खोल आहे. पण एक सांगतो, ॲपवरून पीएस फाइव्हचे गेमही टाकता येतात, कन्सोल घरात नसला तरी. मी कन्सोल घ्यायच्या आधी वर्षभर असेच जमवत होतो. लोक आधी घोडा घेतात, मी आधी खोगीर घेतलं.

एडिसनकर | ४ सप्टेंबर, सकाळी १०:१५

न्यू जर्सीहून. मी एक्सबॉक्सवाला, म्हणजे मायक्रोसॉफ्टचा कन्सोल, आणि त्याची वर्गणी गेम पास. सायकोनॉट्स २ मी २०२१ मध्ये आला त्याच दिवशी पासवर खेळलो, कारण तो बनवणारा डबल फाइन स्टुडिओ २०१९ पासून मायक्रोसॉफ्टच्या घरातला. तो आता तुमच्या प्लसवर आलेला बघून मजा वाटली. माहेरची भांडी सासरी.

आमच्याकडे आपापले टाकून ठेवायचा प्रकार उरलेला नाही, सगळा कॅटलॉगच. महिन्यात दोनदा गेम येतात, आणि जाणारे साधारण मध्यावर नाहीतर अखेरीला जातात. त्यामुळे आमच्यात "नंतर बघू" म्हणणारा बुडाला. मी फोनमध्ये पंधरा आणि तीस तारखेला गजर लावून ठेवलाय. बायको विचारते कुठला हप्ता आहे.

डिस्कवाले_आम्ही | ४ सप्टेंबर, दुपारी १२:४८

एवढा हिशोब वर्गणीत? मी वापरलेली डिस्क घेतो, खेळतो, विकतो. एका वेळी घरात एकच गेम, त्यामुळे काय लावू हा प्रश्नच नाही. फुकट मिळतं म्हणून माणूस गोंधळतो.

ट्रॉफीवाला | ४ सप्टेंबर, दुपारी १२:५५

फुकट कुठे आहे? वर्षाची वर्गणी जाते खिशातून.

डिस्कवाले_आम्ही | ४ सप्टेंबर, दुपारी १:०३

तेच म्हणतोय. पैसे जातात आणि वाटतं फुकट.

द्राक्षबाग | ४ सप्टेंबर, रात्री ९:४७

धागा भरकटायच्या आत स्टारड्यूबद्दल कुणीतरी बोला म्हणून वाट बघत होतो. कुणी बोलेना. मीच बोलतो. मी तासगावकडचा, खरी द्राक्षबाग आहे, नाव उगाच घेतलेलं नाही. गोडी (फळासाठीची) छाटणी तोंडावर आलीय. दिवसभर बागेत असतो आणि रात्री टीव्हीवर पुन्हा शेती करतो. घरचे हसतात.

सुरुवात ऐका, तुमच्यासारख्या ऑफिसवाल्याचीच गोष्ट आहे. कंपनीत खुर्चीला चिकटलेला माणूस ड्रॉवर उघडतो, त्यात वारलेल्या आजोबांचं पत्र असतं, आणि तो सगळं सोडून आजोबांच्या पडीक शेतावर येतो. गावचा प्रमुख पार्सनिपचं पंधरा बी भेट देतो. पार्सनिप म्हणजे पांढऱ्या गाजरासारखं कंद. इथून पुढे कुऱ्हाड, कुदळ आणि झारी.

आता शेतकरी म्हणून सांगतो, ही शेती नाही, हा स्वर्ग आहे. वीसचं बी लावा, चार दिवसांत पस्तीसला जातं. तुम्ही शंभर पार्सनिप न्या नाहीतर हजार, भाव पडत नाही. घरासमोर एक पेटी आहे, तीत माल टाकायचा, सकाळी पैसे जमा. अडत नाही, तोलाई नाही, हमाली नाही, "पुढच्या सोमवारी देतो" म्हणणारा व्यापारी नाही. टीव्ही लावला की उद्याचं हवामान सांगतो आणि ते खरं निघतं! पहिल्यांदा खरं निघालं तेव्हा मी हातातलं कंट्रोलर खाली ठेवलं. डाऊनी नाही, करपा नाही, कसला रोगच नाही. पिकाचे शत्रू म्हणजे कावळे. एक बुजगावणं उभं केलं की तेही गप.

पण एका बाबतीत गेम पक्का शेतकरी आहे. ऋतू अठ्ठावीस दिवसांचा, आणि तो उलटला की त्या ऋतूचं उभं पीक पहिल्या सकाळी वाळून जातं. दया नाही. सत्ताविसाव्या दिवशी लोभाने बी टाकलं तर बी वाया. माझ्या वडिलांनी बघितलं आणि म्हणाले, "एवढं तरी बरोबर दाखवलंय."

तुमच्या तासाचा हिशोब: गेममधला एक दिवस साधारण चौदा मिनिटांचा. तासात चार दिवस. चार ऋतूंचं वर्ष म्हणजे सव्वीस-सत्तावीस तास. कितीही खंड पडू द्या, परत आल्यावर काही विसरायला होत नाही. झारी उचलायची आणि पाणी घालायचं. तुम्हाला घोडा-तलवारीचा त्रास आहे ना, मग हेच. फक्त "अजून एकच दिवस" म्हणायची सवय लागते. मी एकदा सकाळच्या फवारणीला उशिरा पोचलो, कारण घरी सांगितलं नाही, इथे सांगतोय.

हे सगळं, चित्रं आणि संगीतासकट, एरिक बॅरोन नावाच्या एका माणसाने एकट्याने केलंय. २०१६ ला आला. अजून त्यात भर घालतोय आणि वरचे पैसे मागत नाही.

पॉपकॉर्न_घेऊन | ४ सप्टेंबर, रात्री १०:३०

वडिलांच्या प्रतिसादाला +१.

चकली_भाजणी | ५ सप्टेंबर, सकाळी ११:१६

स्टारड्यू दोघांनी एका टीव्हीवरही खेळता येतो, पडदा दुभागून. दुसरं कंट्रोलर लागतं. पण संसार जपा. दिवस संपायला दोघांनीही अंथरुणावर जावं लागतं. मी दमूनभागून झोपायला गेले आणि हे नदीवर मासे धरत बसले. मी पलंगावर, ते नदीवर, घड्याळ चालूच. आणि मासे धरता येत नाहीत हो ह्यांना! त्या हिरव्या पट्टीमागे धावताना जीभ बाहेर काढून बसतात.

दहानंतर_मोकळा | ७ सप्टेंबर, दुपारी ४:१२

काल रात्रभर विसर्जनाचे ढोल, झोप नाही, पण अहवाल देतो.

रोज रात्री तो जाणारा गेम चालू आहे. आश्चर्य म्हणजे मजा येतेय. "काय लावू" हा विचारच नाही, १६ तारखेने तो माझ्या वतीने करून ठेवलाय. पाऊण तास ट्रेलर बघण्यात जायचा तो वाचला.

शनिवारी मुलीबरोबर सायकोनॉट्स २ लावला. सुरुवातीलाच सूचना येते की व्यसन, पॅनिक अटॅक वगैरे मनाच्या अवस्था यात दाखवल्यात. वाचून क्षणभर थांबलो, मग म्हटलं बघू. तर पहिलंच मन एका दंतवैद्याचं! भिंतींना दात, जमिनीतून दात. मुलीच्या दाढेत गेल्या महिन्यातच सिमेंट भरलंय. मी रिमोटकडे हात नेला तर ती म्हणते, "बाबा थांब, याचे तर माझ्यापेक्षा जास्त किडलेत."

उड्या मारण्यात ती सारखी पडत होती. सेटिंगमध्ये शोधलं तर मार लागूच नये असं करता येतं आणि पडल्याचा त्रासही काढता येतो. दोन्ही लावले. आता कंट्रोलर तिच्याकडे आणि मी इंग्रजी संवाद मराठीत सांगणारा कथेकरी.

ट्रॉफीवाला | ७ सप्टेंबर, दुपारी ४:४०

मार न लागता खेळणं म्हणजे... जाऊ दे. नऊ वर्षांची आहे, माफ. पुढे स्वयंपाकाच्या स्पर्धेचं मन येईल, ते चुकवू नका. परीक्षक बकऱ्या आहेत, घड्याळ पळतंय, आणि भाज्या प्रेक्षकांत बसून "मला घ्या, मला चिरा" म्हणून हात वर करतायत. तिथे तिला मदत लागेल, कारण एकाच वेळी चिरणं, उकळणं, तळणं सांभाळायचंय. घरातल्या मोठ्यांना ते जास्त कळेल.

दहानंतर_मोकळा | १४ सप्टेंबर, रात्री ११:०२

जाणारा गेम काल संपला. सातवा! तीन दिवस राखून. बकऱ्यांची स्पर्धाही झाली, बायको स्वयंपाकघरातून ओरडत होती, "आधी तळायला टाक, चिरून झालेलं थांबेल." ती मागे उभी राहून बघत होती हे मला तेव्हा कळलं.

आता जागेची अडचण. स्टारड्यू छोटा आहे, पण व्ह्यूफाइंडर आणि मागचे दोन मोठे ठेवायचे तर डिस्क भरलीय. माझा सुरुवातीचा मॉडेल, ८२५ जीबीवाला. वापरायला त्यातले ६६७ च मिळतात.

रात्रपाळी | १४ सप्टेंबर, रात्री ११:२५

कपाटात जुनी यूएसबी हार्ड डिस्क पडली असेल, २५० जीबीच्या वरची, वेगवान यूएसबीची. ती लावा. पीएस फोरचे गेम त्यावरून थेट चालतात. सायकोनॉट्स २ आणि स्टारड्यू दोन्ही पीएस फोरचेच आहेत, पीएस फाइव्हवर तसेच चालतात. हलवून टाका. पीएस फाइव्हचे गेम बाहेरच्या डिस्कवर ठेवता येतात पण खेळता येत नाहीत, ते आतच हवेत.

आणि लायब्ररीत टाकणं वेगळं, डाउनलोड करणं वेगळं. सगळं टाका, एका वेळी दोनच उतरवा. एक तुमच्या रात्रीचा, एक शनिवारचा. डिस्कवर तेवढेच दिसले की डोकं फिरत नाही. एकशे चाळीस कपाटात राहू देत.

जुना_सभासद | १५ सप्टेंबर, सकाळी ७:४०

रात्रपाळी यांच्याशी सहमत, फक्त एक भर. रात्रीचा गेम निवडताना तो कुठे थांबवता येतो ते पाहावं. मला एकदा एक गाजलेला गेम असाच त्रासदायक झाला. सेव्हची जागा चाळीस मिनिटांवर, आणि हिची हाक वीस मिनिटांनी. व्ह्यूफाइंडरमध्ये छोटी छोटी कोडी आहेत, एक सुटलं की उठावं. माझा तोच चालू आहे. लिंबू लागलं नाही.

द्राक्षबाग | १५ सप्टेंबर, रात्री ८:५५

थांबण्यावरून आठवलं, स्टारड्यूची ही एकच खोड. पात्र झोपलं की मगच सेव्ह होतं. आमच्याकडे लाईटीचा भरवसा नाही. परवा खाणीत खोलवर उतरलो, चांगलं खनिज मिळालं, आणि घरी परतायच्या आत अंधार. पात्राच्या नव्हे, माझ्या घरात. अख्खा दिवस पाण्यात. चौदा मिनिटांचाच, पण हळहळ बिघाभराची. कन्सोलला छोटा यूपीएस जोडलाय आता. वर सुरू करताना तो डिस्क तपासत बसतो ती कटकट वाचली.

दहानंतर_मोकळा | ८ ऑक्टोबर, रात्री १०:५०

धागा वर काढतोय. ऑक्टोबरचे आले काल: ॲलन वेक २, गोट सिम्युलेटर ३, कोकून. फोनवरून टाकले, जेवायच्या ताटावर बसून, दहा सेकंदांत. (गावाकडे_रेंज_नाही, तुमची आठवण काढली.) डाउनलोड फक्त कोकून. एकेक जग गोळ्यात भरून पाठीवर घेऊन फिरायचं, संवाद एकही नाही, म्हणजे माझ्या कथेकरीपणालाही सुट्टी. ॲलन वेक भीतीचा आहे. हॉलमध्ये मुलगी असताना तो लागणार नाही, दिवाळीत ती आजोळी जाईल तेव्हा बघू.

आता खरी गोष्ट. व्ह्यूफाइंडर अजून उघडलेला नाही, कारण टीव्हीच मिळत नाही. दसऱ्याच्या सुट्टीत बायकोने "ते आजोबांच्या पत्राचं दाखव जरा" म्हणून स्टारड्यू लावायला सांगितलं. (हा धागा तिने वाचलाय. कुणाकुणाचं काय काय वाचलंय विचारू नका.) तिचा दुसरा ऋतू चालू आहे. मी दहानंतर मोकळा असतो आणि ती दहापासून शेतावर असते. मी तिच्या शेजारी बसून फोनवर तुमचे प्रतिसाद वाचतो. तिनेच विचारायला सांगितलंय: काल कावळ्यांनी तीन रोपं खाल्ली. एका बुजगावण्याची हद्द किती असते?

द्राक्षबाग | ८ ऑक्टोबर, रात्री ११:०४

चहूबाजूंनी आठ घरं, कोपरे सोडून. वहिनींना सांगा, कोपऱ्यातली रोपं गेली असतील.

दहानंतर_मोकळा | ८ ऑक्टोबर, रात्री ११:०९

कोपऱ्यातलीच होती.